जमिनीचा दावा : सातबारा हातात असूनही हरवणाऱ्या चुका

सातबाऱ्यावर आधी आजोबांचं नाव, मग वडिलांचं, आता आपलं. एवढं हातात असलं की दावा जिंकल्यात जमा, या हिशेबानं बरेच जण दिवाणी कोर्टाची पायरी चढतात. पुढं वर्षानुवर्षं तारखा पडतात आणि निकालपत्रात शेवटी एक वाक्य येतं: वादीला आपली मालकी शाबीत करता आली नाही. जमीन खरोखर त्याचीच असते, गावाला ते माहीत असतं, कधीकधी तर समोरच्यालाही माहीत असतं.

कोर्टाचा प्रश्न साधा असतो. ही जमीन तुमच्याकडं आली कशी? खरेदीनं, वारसानं, वाटणीनं, बक्षिसानं की कूळ म्हणून? आणि ज्याच्याकडून आली त्याच्याकडं कशी आली होती? मराठवाड्यात ही साखळी मागं नेत गेलं की ती निजामाच्या अमलात शिरते. बहुतेक दावे तिथंच रुततात.

सातबाऱ्यावर सगळी भिस्त

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६, कलम १५७. अधिकार अभिलेखातली नोंद खरी धरावी, पण कुठवर? उलट शाबीत होईपर्यंत. म्हणजे सातबारा सुरुवात करून देतो, शेवटपर्यंत नेत नाही. फेरफारानं, म्हणजे महसुली दप्तरातल्या नावबदलाच्या नोंदीनं, मालकी मिळत नाही, तो महसूल वसुलीपुरता असतो, हे सर्वोच्च न्यायालयानं १९९६ च्या सावर्णी विरुद्ध इंदर कौर प्रकरणात सांगितलं, २०२१ च्या जितेंद्र सिंह प्रकरणात पुन्हा सांगितलं, आणि मधल्या काळातही कितीदा तरी सांगितलं.

हे वाक्य हल्ली सगळ्यांनी ऐकलेलं असतं. तरी दाव्यासोबत लावायला आणतात काय, तर मोबाईलवरून काढलेला सातबारा आणि आठ-अ, म्हणजे खात्याचा उतारा. त्यातही फुकट दिसणारी प्रत, जी नुसती माहितीसाठी असते. डिजिटल सहीची प्रत पंधरा रुपयांत मिळते, निदान ती तरी आणावी.

खरं काम त्याच्या पुढचं आहे. सातबाऱ्यावर नावाशेजारी वर्तुळात फेरफार क्रमांक असतात. प्रत्येक क्रमांकाचा फेरफार काढायचा, म्हणजे गाव नमुना ६ चा उतारा. त्यात नोंद कशावरून झाली ते लिहिलेलं असतं: ‘रजिस्टर खरेदीखतावरून’, ‘वारसाने’, ‘वाटणीने’, ‘तहसीलदार यांचे आदेशावरून’. मग तो खरेदीखताचा, हुकमाचा, वाटणीपत्राचा मूळ कागद शोधायचा. जिथं फेरफारात नुसतं ‘अर्जावरून’ किंवा ‘जबाबावरून’ लिहिलंय, तिथं लाल पेनानं खूण करा. उलटतपासात समोरचा वकील बोट ठेवणार ते नेमकं तिथंच.

संगणकीकरणात नाव गळणं, क्षेत्र बदलणं, इतर हक्कातली कुळाची नोंद गायब होणं हेही झालेलं आहे. त्यामुळं हस्तलिखित सातबारे सोडू नका. कलम १५५ खाली ‘लेखन प्रमाद’ म्हणून झालेली दुरुस्ती दिसली तर त्या आदेशाची नक्कल आधी काढा. लेखनातल्या चुकीच्या नावाखाली अख्खा वारस उडवलेले आदेश पाहायला मिळतात.

‘बहिणींनी जबाब दिलाय की’

वडील वारले, वारसाचा फेर झाला, त्यात तीन भाऊ. बहिणींचं काय? ‘त्यांनी तलाठ्यापुढं अंगठे दिलेत, आम्हाला हिस्सा नको म्हणून.’ हे वाक्य मराठवाड्यातल्या प्रत्येक तालुक्यात ऐकू येतं आणि भाऊ ते मोठ्या भरवशानं सांगतात.

वारसानं मिळालेला स्थावराचा हक्क सोडायचा तर नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागतं. तलाठ्यापुढचा जबाब, शंभराच्या बाँडवरची संमती, नोटरीचा शिक्का यांनी हक्क जात नाही. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीनं मुलगी जन्मानं सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकीच हक्कदार झाली, आणि त्यासाठी दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा प्रकरणात स्पष्ट केलं. महाराष्ट्रात तर १९९४ मध्येच राज्याची दुरुस्ती आली होती. म्हणून ‘मी एकटा मालक’ असा दावा भावकीतल्या किंवा बाहेरच्या माणसावर आणण्याआधी स्वतःचं वंशावळीचं पान उघडून बघावं. आत्या, बहिणी, मयत बहिणीची मुलं यांना पक्षकार न करता आणलेला वाटपाचा दावा ‘आवश्यक पक्षकार नाही’ एवढ्या एका मुद्द्यावर पडतो.

घरगुती वाटणीचंही असंच. वाटणी तोंडी झाली, नंतर तिची नुसती आठवण म्हणून यादी लिहिली, तर ती चालू शकते. पण त्या कागदानंच वाटणी होत असेल तर नोंदणी हवी. ‘आज रोजी आम्ही वाटणी करून घेत आहोत’ हे लिहिलेलं बिननोंदणीचं पान मालकीचा पुरावा म्हणून वाचलंच जात नाही. भाषेतल्या एका क्रियापदानं किती एकर हलतात बघा.

निजामकाळाच्या कागदांना घाबरून लांब राहणं

सगळ्यात जास्त नुकसान इथं होतं, म्हणून इथं जरा थांबतो.

१७ सप्टेंबर १९४८ पर्यंत मराठवाडा हैदराबाद संस्थानात होता आणि १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात. त्या काळची महसुली कागदं उर्दूत, काही मोडीत. खासरा पत्रक, पाहणी पत्रक, शेतवार, वसूल बाकी, इनामाचा मुंतखब, ही नावं तहसीलच्या अभिलेख कक्षात आजही चालतात. १९५४-५५ चं खासरा पत्रक मालकी आणि कब्जा दोन्हींसाठी महत्त्वाचं, कारण जहागिरी जाऊन कूळकायदा आल्यानंतर जमिनीवर कोण होतं ते त्यात दिसतं. तरी पक्षकार १९७० च्या सातबाऱ्यापाशी थांबतात. समोरचा मात्र मागचं एक पान काढतो आणि त्यात आजोबा मालक नसून बटईदार निघतात.

पहिली अडचण पत्त्याची. उदगीर, निलंगा, अहमदपूर हे तालुके १९५६ आधी बिदर जिल्ह्यात होते. किनवट आदिलाबादेत होतं. जालना १९८१ मध्ये, लातूर १९८२ मध्ये आणि हिंगोली १९९९ मध्ये वेगळा जिल्हा झाला. त्यामुळं आजच्या जिल्ह्यात कागद मिळाला नाही म्हणजे तो जगातच नाही, असं होत नाही. हिंगोलीकडच्या गावाचा कागद परभणीत, लातूरकडचा धाराशिवात मागून पाहावा. गाव त्या वेळी खालसा, म्हणजे थेट सरकारी होतं, जहागिरीचं होतं की निजामाच्या खासगीचं, म्हणजे सर्फेखासातलं, हेही विचारून घ्यावं.

दुसरी अडचण सालाची. कागदावर ‘१३४७ फ.’ असं असतं. फसली सालात ५९० मिळवले की इसवी साल येतं, म्हणजे १९३७. पण हैदराबादी फसली वर्ष ऑक्टोबरात आजूर महिन्यानं सुरू होतं. आजूर, दय, बहमन हे तीन महिने सोडले की पुढं जानेवारी लागतो, तिथून ५९१ मिळवायचे. ही एक वर्षाची चूक फार लहान वाटते. दाव्यात मात्र त्या हिशेबानं विक्री करणारा माणूस विक्रीच्या आधीच वारलेला निघतो, आणि समोरचा वकील मृत्यूची नोंद पुढं सरकवतो.

तिसरी भाषांतराची. गावातल्या जाणत्या माणसाकडून उर्दू वाचून घेऊन कागदावर मराठी उतरवलं आणि लावलं, असं चालत नाही. मूळ कागद किंवा त्याची प्रमाणित नक्कल, सोबत कोर्ट मान्य करील अशा भाषांतरकाराचं भाषांतर, आणि वेळ आली तर तो साक्षीला उभा राहायला तयार. मोडीसाठी पुराभिलेख संचालनालयाची परीक्षा उत्तीर्ण झालेली माणसं शोधा.

आणि कागद मिळालाच नाही तर? ‘रेकॉर्डमध्ये नाही’ हे कारकुनाच्या तोंडून ऐकून परत येऊ नका. नकलेसाठी लेखी अर्ज करा, ‘अभिलेख उपलब्ध नाही’ असं लेखी उत्तर घ्या. मूळ हरवलं म्हणून दुय्यम पुरावा द्यायची परवानगी मागताना हे उत्तर कामी येतं.

एक सावधगिरी. जुना कागद सापडला म्हणून हुरळून जाऊ नये. हैदराबादलगतच्या जमिनीवरच्या भारत सरकार विरुद्ध वासवी सहकारी गृहनिर्माण संस्था या खटल्यात असेच जुने महसुली कागद होते. सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये सांगितलं की वादीनं स्वतःच्या मालकीच्या बळावर जिंकायचं असतं, प्रतिवादीची बाजू लंगडी आहे म्हणून नाही. आपल्याकडं उलटं चालतं. अर्धा दावा समोरच्याचा कागद खोटा कसा हे सांगण्यात जातो, आणि आपला खरा कसा हे सांगायचं राहून जातं.

पुण्याकडचा कायदा परभणीत लावणं

मोबाईलवरचे व्हिडिओ पाहून माणसं विचारतात, ‘साहेब, आमचं ३२-ग झालंय का बघा.’ म्हणजे कुळाला जमीन विकत मिळण्याचं कलम. त्यांना सांगावं लागतं, काका, तो कायदा पश्चिम महाराष्ट्राचा. आपल्याकडं हैदराबाद कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम १९५०. इथं संरक्षित कुळाला कलम ३८-ई खाली मालकी मिळते आणि त्याचं प्रमाणपत्र हा मालकीचा निर्णायक पुरावा असतो. ३२-म चं प्रमाणपत्र शोधत तहसीलला चकरा मारणाऱ्याला ते कधीच सापडणार नाही.

यातून पुढची चूक होते. समोरच्यानं ‘मी कूळ आहे’ असा मुद्दा घेतला तर दिवाणी कोर्ट तो स्वतः ठरवू शकत नाही. कलम ९९-अ प्रमाणं तो तहसीलदाराकडं पाठवावा लागतो आणि तोवर दावा थांबतो. दावा आणतानाच हे ओळखलं तर कुळाची कागदं आधीच काढून ठेवता येतात.

कुळाकडून घेतलेल्या जमिनीत सातबाऱ्यावर ‘भोगवटादार वर्ग २’, म्हणजे विक्रीवर बंधन असलेली जमीन, अशी नोंद आहे का ते पाहा. कलम ५०-ब प्रमाणं परवानगीशिवाय झालेली विक्री अडचणीत येते. २०१४ च्या दुरुस्तीनंतर, जमीन विकत मिळून दहा वर्षं झाली असतील तर आकारणीच्या चाळीसपट नजराणा भरून वाट निघते. पण ती विक्रीच्या आधी काढायची असते.

इनामात मदतमाश आणि खिदमतमाश हे दोन शब्द ऐकायला सारखे. मदतमाश माणसाच्या निर्वाहासाठी. खिदमतमाश देवळाच्या, मशिदीच्या, दर्ग्याच्या सेवेसाठी. सेवा करणारा पुजारी किंवा मुजावर कितीही पिढ्या वाहत असला तरी मालक होत नाही, आणि त्याच्याकडून घेतलेलं खरेदीखत नोंदणीकृत असलं तरी खाली जमीनच नसते. वक्फचा मुद्दा असेल तर आधी न्यायाधिकरणाच्या अधिकाराचा प्रश्न येतो. तिकडं न पाहता दिवाणी कोर्टात घालवलेली वर्षं परत मिळत नाहीत.

कोणती जमीन, हेच धड न सांगणं

दाव्याच्या अर्जात मिळकतीचं वर्णन अशिलाऐवजी टंकलेखक लिहितो, असं कधीकधी वाटतं. उलटतपास साधारण असा होतो:

‘तुमचं वावर किती?’
‘सहा एकर.’
‘दाव्यात दोन हेक्टर दहा आर लिहिलंय. म्हणजे किती एकर?’
‘...सहाच की.’
‘उगवतीच्या धुऱ्याला कोण?’
‘आमचे चुलते.’
‘दाव्यात ओढा लिहिलाय.’

दोन हेक्टर दहा आर म्हणजे पाच एकर साडेसात गुंठे. उरलेले बत्तीस-तेहतीस गुंठे कुठून आले, याचं उत्तर साक्षीदाराकडं नसतं. कधी ते पोटखराबीत, म्हणजे लागवडीला न येणाऱ्या क्षेत्रात असतं, कधी वडिलांच्या बोलण्यात. एक गुंठा म्हणजे एक आर नव्हे, थोडा जास्त, १०१ चौरस मीटर. लहान तुकड्यात फरक कळत नाही, पाच-सहा एकरांत बांध सरकतो.

एकत्रीकरणात सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. खरेदीखत १९६५ चं, त्यात सर्व्हे नंबर. सातबाऱ्यावर गट नंबर. दोन्ही एकच जमीन, हे सांगणारा एकत्रीकरण योजनेचा उतारा भूमी अभिलेख कार्यालयातून काढून लावलाच पाहिजे. तो नसेल तर कोर्टापुढं दोन वेगळ्या जमिनी असतात.

धुरा कोरल्याचा, अतिक्रमणाचा दावा असेल तर मोजणीशिवाय जायचंच नाही. तीही शेजाऱ्याला नोटीस देऊन, दोन्ही गट मोजून, मूळ टिपण-नकाशा धरून. आपल्याच गटाची मोजणी करून घेतलेली ‘क’ प्रत लावली आणि मोजणीदाराला साक्षीला बोलावलं नाही, तर तो नकाशा एक रंगीत कागद राहतो. त्यापेक्षा कोर्ट कमिशनमार्फत संयुक्त मोजणीचा अर्ज वेळेत द्यावा. कमिशन मात्र हद्द ठरवायला असतं; ‘कब्जा कुणाचा ते पाहून सांगा’ अशी मागणी केली की अर्ज फेटाळला जातो.

नुसती मनाई मागणं

तातडी असते, म्हणून घाईत मनाई हुकमाचा दावा पडतो. निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा अर्ज मंजूर झाला की पेढे वाटतात. पण समोरच्यानं मालकीवरच गंभीर वाद उभा केला असेल तर नुसती मनाई पुरत नाही, मालकी ठरवून, म्हणजे मालकीची घोषणा मागावी लागते, हे अनाथुला सुधाकर प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सविस्तर मांडलंय. आणि कब्जा आधीच गेला असेल तर घोषणेसोबत कब्जाही मागा, नाहीतर विशिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम ३४ आडवं येतं.

मुदतीचं गणित याला जोडूनच. घोषणेसाठी तीन वर्षं, हक्काच्या जोरावर कब्जा परत मिळवायला बारा वर्षं. जबरदस्तीनं काढलं असेल तर सहा महिन्यांच्या आत मालकीत न शिरता कब्जा परत मागता येतो. ही सोय फार थोडे वापरतात. फेरफार चुकीचा झाला की लोक प्रांताकडं अपील करतात, तिथून अपर जिल्हाधिकारी, तिथून आयुक्त. महसुली अपिलाची साठ दिवसांची मुदत सगळे डोळ्यांत तेल घालून पाळतात, आणि त्या वाऱ्यांत दिवाणी मुदत कधी सरली ते कळतही नाही. महसूल अधिकारी मालकी ठरवत नाही. तिथलं अपील चालू ठेवा, पण दिवाणी दावा त्याच्या निकालासाठी अडवून धरू नका.

लावलेला कागद म्हणजे शाबीत झालेला कागद नव्हे

यादीसोबत कागद दाखल झाला, त्यावर निशाणी पडली, की अशील निश्चिंत. पण त्यातला मजकूर कुणी शाबीत केला? खरेदीखताला लिहून देणारा, लेखक किंवा साक्षीदार यांपैकी कुणीतरी लागतो. मृत्युपत्राला दोन साक्षीदार असतात. त्यातला एक हयात असेल तर त्याला पिंजऱ्यात आणावंच लागतं. तीस वर्षांपूर्वीच्या कागदाला कायदा सवलत देतो, आता भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ९२ खाली. मात्र ती मूळ कागदाला, योग्य ठिकाणाहून आलेल्याला. मृत्युपत्राला ती लागू नाही. झेरॉक्सला तर नाहीच.

इसारपावती, साठेखत, मुखत्यारपत्र यांनी मालकी येत नाही. सुरज लॅम्प प्रकरणाला २०११ पासून इतकी वर्षं झाली तरी ‘बाँडवर घेतलीय’ म्हणणारे रोज भेटतात.

कब्जा दाखवायला मात्र बारीकसारीक कागद उपयोगी पडतात. शेतसाऱ्याच्या पावत्या, पीकपेरा, पीक कर्जाचा बोजा, विहिरीच्या मोटारीचं वीजबिल, कारखान्याला घातलेल्या उसाच्या नोंदी. ई-पीक पाहणीत तुमच्या रानात दुसऱ्यानं सोयाबीन दाखवलं असेल तर त्याच हंगामात हरकत घ्या. ती नोंद मालकी ठरवत नाही, पण कब्जाच्या वादात समोरचा ती दाखवणारच.

यातली सर्वांत महाग चूक: ‘जमीन माझ्या मालकीची आहे, आणि नसेलच तर बारा वर्षांच्या विरुद्ध कब्जानं माझी झाली.’ विरुद्ध कब्जा म्हणजे मालक दुसरा आहे हे गृहीत धरून, त्याच्या डोळ्यांदेखत, अमुक सालापासून, त्याला नाकारत केलेला कब्जा. साल सांगता येत नसेल तर तो मुद्दा घेऊच नये. बटईनं किंवा ठोक्यानं शिरलेल्याला तर तो मुळीच मिळत नाही.

निकालानंतर

हुकूमनामा मिळाला की बरेच जण तो कपाटात ठेवतात. वाटपाच्या दाव्यात प्राथमिक हुकूमनाम्यानं फक्त हिस्से ठरतात; सारा भरणाऱ्या शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणं जिल्हाधिकाऱ्यामार्फत होतं, आणि ते मागे लागून करून घ्यावं लागतं. कब्जाच्या हुकूमनाम्याची दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, बारा वर्षांत दाखल व्हायला हवी. हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत जोडून तलाठ्याकडं, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडं, फेरफाराचा अर्ज त्याच महिन्यात द्या. पुढच्या पिढीतला कुणी हा सातबारा मागं मागं वाचत येईल तेव्हा त्याला ‘कोर्टाचे हुकूमनाम्यावरून’ ही नोंद, दाव्याच्या क्रमांकासह, सापडली पाहिजे.